शनिवारची श्रवणसभा : मोरीस जार

सर्व सभासदांना नमस्कार,

येत्या शनिवारी संध्याकाळी ६ वाजता, नेहमीच्याच वाचनालयात, वरच्या मजल्यावर जमायचं आहे. या वेळी फ्रेंच चित्रपट-संगीतकार मोरीस जार (१९२४–२००९).

जन्म लियाँचा. इंजिनिअरिंग अर्धवट सोडून गडी पॅरिसला तालवाद्यं शिकला, मग बरीच वर्षं नाटकांना संगीत दिलं. तीन ऑस्कर मिळाले, तिन्ही डेव्हिड लीनच्या चित्रपटांसाठी : ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’, ‘डॉक्टर झिवागो’, ‘अ पॅसेज टू इंडिया’. इलेक्ट्रॉनिक संगीतवाला जाँ-मिशेल जार त्यांचाच मुलगा.

सुरुवात ‘लॉरेन्स’च्या पूर्वसंगीतानं. पडदा काळाच राहतो आणि नगाऱ्यासारखी टिंपनी घुमू लागते. प्रोजेक्टर बिघडलाय असं समजून कोणी उठू नये, चार मिनिटं असंच चालतं! मधे ओंद मार्तनो या जुन्या विजेच्या वाद्याचा थरथरता सूर ऐकू येतो, तिथं कान द्या. ‘झिवागो’तला बालालायका (रशियन तंतुवाद्य) त्यानंतर, तो बहुतेकांच्या ओळखीचा निघेल.

- ६ वाजून १० मिनिटांनी दार बंद. मागच्या वेळी दाराच्या करकरीनं अर्धी धून गेली.
- मोबाईल बंद. ‘सायलेंट’ नव्हे, बंद.
- चहा मध्यंतरात. कप घरून आणा.
- येणार असाल तर गुरुवार रात्रीपर्यंत इथंच कळवा. खुर्च्या ४० आहेत.

‘पॅसेज’ची जुनी रेकॉर्ड कोणाकडे असेल तर जरूर आणावी. सुईची काळजी मी घेईन.

– चिटणीस