दुबई कॉन्सुलेटमधल्या साहेबांना, सोलापूरहून

साहेब, नमस्कार.

नाव लिहू नका असं तुम्ही म्हणाला होता म्हणून लिहीत नाही, पण हे पत्र चार लोकांनी वाचावं असं मला फार वाटतंय म्हणून उघडपणे लिहितेय. तुम्ही दुबईच्या भारतीय कॉन्सुलेटमध्ये, म्हणजे तिथल्या आपल्या सरकारी कचेरीत, मयत झालेल्यांचं काम बघणारे आणि मी सोलापूरच्या पूर्व भागातली, आपण एकमेकांना कधी बघितलेलं पण नाही, तरी त्या दिवसांत सख्ख्या नातेवाईकांपेक्षा तुमचाच आवाज मला जास्त ओळखीचा झाला होता.

माझा धाकटा भाऊ आधी इथे टॉवेलच्या कारखान्यात लूमवर होता, काम कमी झालं म्हणून एसी फिटिंग शिकून तिकडे गेला, दुबईतल्या सोनापूरच्या कामगारांच्या कॅम्पवर राहायचा. रात्री झोपला तो उठलाच नाही. आम्हाला हे कसं कळलं ते सांगते, कारण तो राग अजून गेलेला नाही. कॅम्पवरच्या सुपरवायझरनं व्हॉट्सॲपवर थेट त्याच्या चेहऱ्याचा फोटो टाकला आणि खाली हिंदीत एक ओळ, बॉडी कोण घेणार. आधी एक फोनसुद्धा नाही. ज्या एजंटनं व्हिसाचे पैसे मोजून घेतले आणि निघायच्या दिवशी आमच्या घरी बसून पेढे खाल्ले त्याचा मोबाईल तेव्हापासून बंद. कंपनीत फोन लावला की एक जण दुसऱ्याकडे द्यायचा आणि दुसरा म्हणायचा खर्चाचं तुमचं तुम्ही बघा. आणि इथले एक पुढारी, त्यांनी निवेदन घेतानाचा फोटो काढून घेतला, तो त्यांच्या पेजवर अजून आहे, निवेदनाचं काय झालं ते त्यांनाच माहीत.

मग मावसभावानं परराष्ट्र मंत्रालयाच्या मदद पोर्टलवर तक्रार टाकली. 2015 पासून हे पोर्टल चालू आहे आणि आमच्या गल्लीतली एवढी पोरं आखातात असून एकालाही माहीत नव्हतं, म्हणून वाचणाऱ्यांनी हे नाव लक्षात ठेवा. दुबईतच प्रवासी भारतीय सहायता केंद्र पण आहे, चोवीस तास फोन लागतो, हेही घरातल्या पोरांना सांगून ठेवा.

आणि मग तुमचा फोन आला. बाकी सगळ्यांनी पहिला प्रश्न पैशाचा नाहीतर कागदाचा विचारला होता. तुम्ही पहिल्यांदा विचारलंत, ताई, आईंना काय सांगितलंय?

मी म्हटलं, दवाखान्यात आहे एवढंच. आईला बीपी आहे, आयुष्यभर विड्या वळून तिनं आम्हाला वाढवलं, तिला कसं सांगायचं तेच कळत नव्हतं. तुम्ही म्हणालात, ठीक आहे, मग मी घरच्या नंबरवर फोन करणार नाही आणि आमच्या ऑफिसातून पण कुणी करणार नाही, तुम्ही मेसेज करा, मग मी बोलेन. आणि ते शेवटपर्यंत पाळलंत.

पण एकदा माझा मोबाईल आईनं उचलला. मी मोरीत होते, बाहेर येईपर्यंत तिनं दुबईचा नंबर बघून विचारून पण टाकलं होतं, माझा लेक कसा आहे. मी दारातच थांबले, फोन स्पीकरवर होता. तुम्ही क्षणभर बोललाच नाहीत. मग म्हणालात, आई, मी आत्ताच त्याच्याजवळ जाऊन आलोय. त्याला एकटं सोडलेलं नाही. तुम्ही जेवलात का?

साहेब, हे मी कुणाला सांगायला गेले की अजून माझा गळा दाटतो. तुम्ही खोटं पण बोलला नाहीत आणि खरं तिच्या अंगावर पण टाकलं नाहीत. शवागारातून आला होतात तुम्ही, ते मला माहीत होतं. त्या दिवशी आई दोन घास जेवली.

पासपोर्ट रद्द करणं, एनओसी, पोलिसांचा कागद, बॉडी टिकवायचं एम्बामिंग, हे सगळं तुम्ही आणि तुमच्या लोकांनी कसं जुळवलं ते सांगायला मी बसलेली नाही. एवढंच सांगते की तिथल्या कायद्यानं हा खर्च मालकानंच करायचा असतो हे तुमच्याकडून कळलं, आणि तुम्ही बोलल्यावर तीच कंपनी सरळ झाली. कंपनीनं पैसे नाहीच दिले तर गरजूंसाठी 2009 पासून भारतीय समुदाय कल्याण निधी आहे, लोकांच्या पासपोर्ट-व्हिसाच्या फीसोबत थोडे थोडे घेतलेले पैसे त्यात जमतात, तुम्ही नका काळजी करू असं म्हणाला होतात. आमच्याकडून कुणी एक रुपया मागितला नाही. मुंबईला कार्गोतून ताबा घेताना पण तुमचा मेसेज, सगळे कागद मिळाले का.

आमच्या भैय्या चौकात डॉ. द्वारकानाथ कोटणीसांचं घर आहे, आता स्मारक केलंय. 1938 ला युद्धातल्या जखमींवर उपचार करायला चीनला गेले आणि 1942 ला तिथेच वारले, वय अवघं 32. परवा भाचरांना तिथे घेऊन गेले होते. इतकी वर्षं मला त्यांचं जाणं मोठं वाटायचं, यावेळी वाटलं की तिथल्या लोकांनी त्यांची समाधी अजून जपलीय, फुलं वाहतात, ते पण केवढं मोठं आहे. परक्या मुलखात गेलेल्या माणसाला कुणीतरी आपला म्हणायला लागतं. सरकारी माणूस म्हटलं की आपण लगेच तोंड वाकडं करतो, मी पण करायचे, पण खुर्चीत बसून माणुसकी धरणारे लोक आहेत आणि त्यांचं नाव कधी पेपरात येत नाही.

आईला आता सगळं माहीत आहे. गाडी घराच्या वळणावर यायच्या आधी मीच सांगितलं. तेरावं झाल्यावर एकदा ती आपणहून म्हणाली, त्या पोरानं मला फसवलं नाही गं, जवळ जाऊन आलो म्हणाला ते खरंच होतं.

कंपनीकडून त्याचा राहिलेला पगार आणि ग्रॅच्युइटी यायची आहे, तुमच्या ऑफिसमधल्या मॅडम त्याच्या मागे आहेत, त्यांनाही आमचा नमस्कार सांगा. आणि एक काम आहे. तुमची भाषा नागपूरकडची वाटली म्हणून आईनं विचारायला लावलंय, तुमच्या आई तिकडे असतील तर त्यांचा नंबर द्या, तिला त्यांच्याशी बोलायचंय. तुमच्याशी नाही, त्यांच्याशीच, असं दोनदा बजावलंय तिनं.

तुमची,
सोलापूरची ताई