ओवीच्या प्रकल्पासाठी, पण आधी तुझ्यासाठी

नागपूर

चि. मृणाल हिस,
अनेक आशीर्वाद.

ओवीच्या शाळेसाठी माझ्या युद्धातील आठवणी लिहून पाठवाव्यात, असे तू कळवलेस. इतकी वर्षे हा विषय मी टाळत आलो, तेव्हा हे आधी तू वाच आणि त्यातले तिला किती द्यायचे ते तूच ठरव.

आमच्या प्रकारच्या कॅनबेरा बॉम्बरमध्ये दोघेच असत. वैमानिक वर काचेच्या घुमटाखाली बसे आणि मी, नेव्हिगेटर, खाली विमानाच्या नाकाडात, नकाशा आणि स्टॉपवॉच घेऊन. वेग, दिशा आणि वारा यांवरून आपण कुठे आहोत याचा हिशेब सतत मांडायचा आणि लक्ष्य जवळ आले की पुढच्या काचेशी पालथे पडून नेम धरायचा, हे माझे काम. ताशी ६५० किलोमीटर वेगाने जाणारे विमान अर्ध्या मिनिटात पाच किलोमीटरहून अधिक अंतर कापते, त्यामुळे हिशेबात तेवढी चूक झाली तरी सारी खटपट वाया.

संकटात बाहेर फेकणारी इजेक्शन सीट त्या विमानात फक्त वैमानिकाला होती. नेव्हिगेटरने पॅराशूट अडकवून बाजूच्या दारातून उडी मारावी, अशी मूळ ब्रिटिश रचना. जमिनीलगत उडताना त्या दाराचा उपयोग किती, हे आम्हा दोघांनाही ठाऊक होते. माझा वैमानिक साताऱ्याकडचा, मितभाषी. या विषयावर तो एकदाच बोलला, "तू बाहेर पडल्याशिवाय मी खुर्ची सोडणार नाही." तसे करू नकोस, असे मी म्हणालो; त्याने उत्तर दिले नाही. तुझ्या आईला हे मी कधी सांगितले नाही.

३ डिसेंबर १९७१ च्या संध्याकाळी पाकिस्तानी विमानांनी आपल्या विमानतळांवर हल्ले केले आणि त्याच रात्री आपली कॅनबेरा विमाने निघाली. दत्तजयंती नुकतीच झाली होती. चांदण्यात नदीचे पात्र ओळखू येई, म्हणजे वाट सापडे. पण त्याच चांदण्यात आम्हीही दिसत असू. पुढच्या रात्री आमची पाळी आली. भीती वाटली का, असे ओवी विचारील. आकडेमोड चालू असेपर्यंत वाटली नाही. परतीच्या वाटेवर, सीमा ओलांडल्यावर, पेन्सिल धरता येईना. आम्ही धावपट्टीवर बॉम्ब टाकले. त्या धावपट्टीच्या कडेला पहाऱ्यावर कोणी शिपाई असणारच, आणि त्याचा विचार माझ्या मनातून गेलेला नाही. हे वाक्य प्रकल्पात घालायचे की नाही, हा निर्णय तुझा.

तिला आवडेल असेही काही आहे. १९४९ पासून रात्रीच्या हवाई टपालाची विमाने दिल्ली, मुंबई, कलकत्ता आणि मद्रासहून निघून मध्यरात्री आपल्या नागपूरच्या सोनेगाव विमानतळावर जमत, टपालाच्या थैल्यांची अदलाबदल करत आणि पहाटेपूर्वी परतत. अंथरुणात पडल्या पडल्या तो आवाज ऐकून, अंधारात यांना नागपूर सापडते कसे, हा प्रश्न मला लहानपणीच पडला होता. नेव्हिगेटर होण्याचे मूळ तेथे आहे, शौर्यात नाही.

माझी उड्डाणांची नोंदवही कुरियरने पाठवत आहे. शाळेच्या तक्त्यावर 'आजोबा पायलट होते' असे मात्र लिहू देऊ नकोस. नेव्हिगेटर असेच लिहावे.

तुझे,
बाबा