पदके मोजून प्रशिक्षक मिळत नाही

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

शाळेसाठी प्रशिक्षक निवडताना उमेदवाराची पदके मोजायची, ही आपल्याकडची रूढ रीत. राष्ट्रीय स्पर्धा खेळला आहे ना, मग झाले! त्याला शिकवता येते का, हे विचारायचे राहून जाते. या बाबतीत अमेरिकेतील फुटबॉल प्रशिक्षक एडी रॉबिन्सन यांची कारकीर्द मराठवाड्यातील संस्थाचालकांनी जरूर पाहावी.

रॉबिन्सन हे लुइझियानातील लेलँड कॉलेजचे क्वार्टरबॅक, म्हणजे अमेरिकन फुटबॉलमध्ये चेंडू हाती घेऊन डाव चालवणारा गडी. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचे असते. उरलेल्या दहा जणांपैकी कोण कुठे धावणार, कोण कुणाला अडवणार, हे त्याला पाठ हवे आणि समोरची मांडणी पाहून ऐनवेळी डाव बदलताही यायला हवा. प्रशिक्षक होण्यासाठी ही चांगली पूर्वतयारी, पण तेवढ्यावर भागत नाही.

खेळ संपल्यावर रॉबिन्सन यांनी पशुखाद्याच्या गिरणीत तासाला २५ सेंटवर काम केले. १९४१ मध्ये, २२व्या वर्षी, ते ग्रॅम्बलिंगच्या कृष्णवर्णीयांच्या लहानशा कॉलेजात प्रशिक्षक झाले. हाताखाली पगारी माणूस नाही. मैदानाचे गवत कापणे, घोट्यांना पट्ट्या बांधणे, सामन्याची बातमी लिहून वर्तमानपत्राला धाडणे, सगळे त्यांच्याच अंगावर. वाटेतल्या खाणावळी कृष्णवर्णीयांना दाराशी उभे करत नसत, म्हणून मुलांची सँडविच आधीच बांधून घ्यायची. पहिल्या हंगामात आठपैकी पाच सामने हरले. दुसऱ्या हंगामात नऊच्या नऊ जिंकले, तेही एकही गुण न देता. १९९७ मध्ये निवृत्त होईपर्यंत त्यांच्या नावावर ४०८ विजय जमा झाले होते.

आम्हाला मात्र त्यांची घंटा अधिक महत्त्वाची वाटते. पहाटे वसतिगृहात घंटा वाजवत ते मुलांना उठवत, आणि तेही मुले वर्गात वेळेवर जावीत म्हणून! त्यांच्या हाताखाली तयार झालेला क्वार्टरबॅक डग विल्यम्स शिक्षणाची पदवी घेऊनच व्यावसायिक संघात गेला. १९८८ च्या सुपर बोलमध्ये, म्हणजे व्यावसायिक संघांच्या अंतिम सामन्यात, तो सर्वोत्तम खेळाडू ठरला आणि १९९८ मध्ये गुरूच्याच जागी प्रशिक्षक म्हणून आला.

आता आपल्या मैदानावर या. खो-खोत नवा मुलगा खो मिळण्याआधीच उठतो आणि फाऊल होतो. नामांकित खेळाडू ओरडतो, ‘घाई करू नको!’ दोन डावांनंतर तोच मुलगा उशिरा उठू लागतो. दोष घाईचा नसून बसण्याचा असतो. भार टाचांवर पडला की उठायला वेळ लागतो, तो भरून काढायला मुलगा आधीच सुटतो. दोन्ही चवडे टेकलेले, एक पाऊल किंचित पुढे, बोटांची टोके जमिनीला, असे बसवून आधी नुसते उठण्याचा सराव घ्यावा. पाठीला हात लागल्याशिवाय हलायचे नाही. पाठलाग नंतर. ज्याला हे उपजत जमले, त्याला ते सुटे करून सांगणे बहुधा जमत नाही. ते शिकावे लागते. खांबावर झेप शिकवण्याआधी तिथली मुरमाड जागा कुदळून, खडे वेचून, चाळलेली माती टाकावी. नाही तर गुडघे सोलतात आणि मुले भीतीने झेपच घेत नाहीत. मग ‘पोरांत दमच नाही’ म्हणायला आपण मोकळे.

दिवाळीनंतर ऊसतोडीला जाणाऱ्या कुटुंबांची मुले मैदानावरून आणि हजेरीपटावरून एकदमच गायब होतात. संध्याकाळी तासभर येणाऱ्या मानधनी प्रशिक्षकाला फक्त एक गडी कमी झालेला दिसतो. वर्गावर जाणारा शिक्षक गाडी हलण्याआधी घरी जाऊन आजीशी बोलू शकतो, हंगामी वसतिगृहाची व्यवस्था पाहू शकतो.

तेव्हा मागणी साधी आहे. निवडीच्या वेळी उमेदवाराला अर्धा तास नवख्या मुलांसमोर उभे करा आणि एक कौशल्य शिकवायला सांगा. नेमलेल्याला आठवड्यातून काही तास वर्गावर द्या, संघातील मुलांची हजेरी त्याच्याकडे सोपवा. आणि पीटीचा तास गणिताला देणे, पीटीच्या सरांना ऑनलाइन माहिती भरायला बसवणे, हे आधी बंद करा.

आपले,
काही क्रीडाशिक्षक, जि. धाराशिव