पुडिंग तिकडे पोचल्यावरच भाज

पिंपळगाव बसवंत
रविवार

चि. सायली,
अनेक आशीर्वाद.

काल फोन ठेवताना तू म्हणालीस, "आई, मी पुडिंगचं विचारलं होतं, रस्त्याचं नाही." म्हणून आज फक्त पुडिंगचंच लिहायचं ठरवलंय. थँक्सगिव्हिंगच्या सणाला जेवायला बोलावून तुला कांद्याचं पुडिंग आणायला सांगितलं, म्हणजे त्या घराने तुला पाहुणी न धरता घरातलीच धरलं. फार बरं वाटलं. बाबा तर दूधवाल्यालाही सांगून मोकळे झाले.

तू पाठवलेल्या कृतीने मी करून पाहिलं, आजी ओझरला गेल्या होत्या तेव्हा. सगळा जीव कांदा परतण्यात आहे. किलोभर कांदा उभा, पातळ चिरून ५० ग्रॅम लोण्यात टाक आणि लगेच मीठ घाल, म्हणजे पाणी सुटतं. मग मंद आचेवर पाऊण तास. पहिली वीस मिनिटं काही होतंय असं वाटतच नाही. नंतर कढईभर कांदा खाली बसत जातो, कडा पिवळ्या पडतात आणि तळाला तपकिरी धरायला लागतं. तिथे चमचाभर पाणी शिंपडून उलथन्याने खरवडून घे, खरी चव तीच. आच मोठी केलीस तर बाहेरून करपेल नि आत कच्चट राहील. घाईने कुठलंच काम... असो.

तो जॉर्जियाचा गोड विडालिया कांदा शोधत फिरू नकोस. तो एप्रिलपासून निघतो, पाणीदार असतो, फार टिकत नाही. बाबांनी वाचून सांगितलं की तिथल्या जमिनीत गंधक कमी, म्हणून त्याला तिखटपणा नाही. १९८६ साली कायदाच केलाय, ठरलेल्या भागाबाहेरच्या कांद्याला ते नाव लावता येत नाही. आपण उलट कांद्याला मुद्दाम गंधक देतो. तू साधा पिवळा, साठवणीचा कांदा घे. आपल्या उन्हाळ कांद्यासारखा घट्ट असतो, आणि परतला की छान गोड होतो.

तुला कांद्यातलं मी काय सांगणार म्हणा. सहावीत होतीस तेव्हा कांदाचाळीतला सडका कांदा नुसत्या वासावरून काढायचीस. भाऊ म्हणायचे, हिला लिलावाला उभी करतो. भाऊंचं नाव निघालं की मला कसारा घाट दिसतो. श्रावणातलं धुकं, वाशीला निघालेला ट्रक, पहाटेचा तो फोन. तू झोपली होतीस, तुला उठवलं नव्हतं.

रिचमंडहून त्यांच्याकडे स्टँटनला जाताना तो आफ्टन माउंटन लागतो ना? तिथे धुक्यासाठी रस्त्यातच दिवे बसवलेत म्हणे. दिवे बसवावे लागले म्हणजे धुकं केवढं असेल! आणि नोव्हेंबरअखेर तुमच्याकडे पाचच्या आत सूर्य मावळतो.

बघ, पुन्हा रस्त्यावर आले. रागावू नकोस.

कांदा कोमट झाला की त्यात ४ अंडी, ४०० मिली क्रीम, १०० ग्रॅम किसलेलं पार्मेझन चीज, दोन मोठे चमचे मैदा, एक छोटा चमचा बेकिंग पावडर आणि मिरपूड घालायची. चीज खारट असतं, मिठाला हात आखडता ठेव. भांड्याला लोणी लावून तिकडच्या ३५० डिग्री फॅरेनहाइटवर ३५ ते ४० मिनिटं. कडा फुगून सोनेरी व्हायला हव्यात, मधला भाग भांडं हलवल्यावर किंचित थरथरला पाहिजे. बाहेर काढलं की थोड्या वेळात फुगलेलं खाली बसतं, त्याने घाबरू नकोस.

पण म्हणूनच सांगते, घरून भाजून नेऊ नकोस. गरम गरम पोचवायच्या नादात गाडी पळवली जाते. कांदा आदल्या दिवशी, बुधवारी रात्री परतून फ्रीजमध्ये ठेव, चीज किसून घे, अंडी-क्रीम तिथे जाऊन फेट. टर्की ओव्हनमधून काढल्यावर कापायच्या आधी अर्धा-पाऊण तास तशीच ठेवतात, तेवढ्यात तुझं पुडिंग होतं. दुपारच्या उजेडात पोच म्हणजे झालं. दोन तासांचा रस्ता तीन तासांत गेलीस तरी कोणी विचारणार नाही.

सायकलवर बसायला घाबरणारी माझी पोर परदेशात एकटी हायवेवर गाडी चालवते, हे मी येईल-जाईल त्याला सांगते. सांगताना ऊर भरून येतो, आणि रात्री तेच आठवून झोप लागत नाही. तुला भित्री करायचं नाहीये मला, खरंच नाही. तू सांभाळून चालवतेस हे ठाऊक आहे. भाऊही सांभाळूनच चालवायचे.

रात्री तिथेच राहा, त्या काकू म्हणाल्यात ना. त्यांच्यासाठी थोडी शेंगदाण्याची चटणी ने, मागच्या पार्सलमधली उरली असेल. दुसऱ्या दिवशी ऊन चांगलं वर आल्यावर नीघ. बाबा विचारताहेत, वायपर बदललेस का आणि टायरमधली हवा कधी बघितलीस. त्यांना आजच कळव.

तुझी,
आई