निवतीच्या किनाऱ्यावर ‘गुलदार’साठी एक खोली हवी

मा. पर्यटनमंत्री, महाराष्ट्र राज्य, यांस,
सविनय नमस्कार.

मी सिंधुदुर्गातल्या निवतीजवळच्या गावात राहतो. नौदलातून निवृत्त झालेली आयएनएस गुलदार आमच्या समुद्राच्या वाट्याला आली याचा आम्हाला मनापासून आनंद आहे. हे आधी सांगतो, म्हणजे पुढचं मागणं तक्रार म्हणून वाचलं जाणार नाही. २०१८ साली राज्य मंत्रिमंडळाने ‘विराट’ ही विमानवाहू युद्धनौका याच निवती रॉकजवळ ठेवायला मंजुरी दिली होती. आम्ही वाट बघत राहिलो आणि २०२० साली ती गुजरातेत अलंगच्या भंगारात गेली. त्याआधी तशीच विमानवाहू ‘विक्रांत’ मुंबईत संग्रहालय म्हणून उभी होती, तीही २०१४ साली विकली गेली आणि मुंबईतल्याच दारूखाना इथल्या जहाजतोडणीच्या गोदीत तोडली गेली. म्हणून गुलदारचं पाण्याखालचं संग्रहालय करायचं ठरलं, केंद्राने त्यासाठी ४६.९१ कोटी रुपये मंजूर केले, जहाज कारवारहून विजयदुर्गला आलं, तेव्हा इथल्या लोकांना खरंच हायसं वाटलं.

माझं म्हणणं पुढचं आहे. प्रकल्पाबद्दल जे काही छापून येतं त्यात जहाजाची लांबी, वजन, स्कूबा आणि पाणबुडीची सफर एवढंच असतं. या जहाजाने जवळजवळ चाळीस वर्षं काय काम केलं, ते कुठेच वाचायला मिळत नाही.

माझे मोठे मामा नौदलात होते. ते गुलदारच्याच जोडीच्या ‘कुंभीर’वर होते. ‘चीता’, ‘गुलदार’ आणि ‘कुंभीर’ ही तिन्ही जहाजं पोलंडच्या ग्डिनिया गोदीत बांधली गेली आणि १९८४, ८५ आणि ८६ अशी ओळीने नौदलात आली. रणगाडे आणि सैनिक घेऊन थेट पुळणीवर चढायचं, हे त्यांचं काम. बाकीची जहाजं रेवेला लागू नयेत म्हणून जपतात, ही मुद्दाम लावायची. मामा सांगतात, किनारा जवळ आला की मागचा नांगर सोडायचा आणि साखळी सैल करत पुढे जायचं, कारण परत निघताना त्याच नांगरावर जहाज मागे ओढून घ्यायचं असतं. मग, “तळाक रेव लागली की आवाज कानांनी येना नाय, पायांतसून वर येता.” पुढची दारं उघडली की डिझेलच्या वासाने कोंदलेल्या त्या लांबलचक पोटात एकदम उजेड यायचा आणि समोर वाळू दिसायची. हे सांगताना मामांचा हात अजून नांगराची साखळी सोडल्यासारखा हलतो.

गुलदार हे नाव त्याहून जुनं आहे. १९६६ साली पोलंडहून आलेल्या पहिल्या गुलदारने ‘घडियाल’च्या जोडीने १९७१च्या युद्धात आजच्या बांगलादेशातल्या कॉक्स बझारच्या किनाऱ्यावर गुरखा जवान उतरवायचा प्रयत्न केला. किनाऱ्याआधीच्या वाळूच्या दांड्याने घात केला. पहिले उतरलेले जवान खोल पाण्यात सापडले आणि त्यांतले दोघे बुडाले. मामांच्या पिढीला हा धडा पहिल्याच दिवशी शिकवला जायचा: आधी पाणी मोजा, मग माणसं उतरवा.

नवी गुलदार आणि तिच्या जोडीची जहाजं श्रीलंकेत शांतिसेनेच्या कामाला होती, भारत-श्रीलंका समुद्रातली तस्करी रोखणाऱ्या १९९०च्या ‘ताशा’ मोहिमेत होती आणि २००४च्या त्सुनामीनंतर मदतकार्यातही होती. निकोबारात जहाजं लागायचे धक्के वाहून गेले होते. ज्या जहाजाला धक्का लागतच नाही, त्याची किंमत अशा वेळी कळते. तिन्ही जहाजांनी मिळून तेराशेहून जास्त वेळा पुळण गाठली. १२ जानेवारी २०२४ रोजी पोर्ट ब्लेअरला सूर्यास्ताच्या वेळी तिन्हींवरचे झेंडे एकत्रच शेवटचे उतरले.

साहेब, हे सगळं समुद्राच्या तळाशी कोणाला कळणार? तिथे गोबरे आणि तांबोसे येतील, पोलादावर कालवं धरतील, ते हवंच आहे. पण स्कूबा करणारे किती? आमच्या शाळेतली पोरं, मासळी विकणाऱ्या बायका आणि मामांसारखे गुडघे गेलेले नौसैनिक ते जहाज कधीच बघणार नाहीत. त्यांच्यासाठी निवतीच्या किनाऱ्यावर एक खोली बांधा. जहाज साफ करताना जे जे उतरवलं गेलं, त्यातलं ठेवण्यासारखं सामान भंगारवाल्याकडे न जाता तिथे यावं. भिंतीवरचा मजकूर मराठीत असावा. आणि या जहाजांवर काम केलेल्या माणसांना बोलतं करून त्यांचे आवाज नोंदवून ठेवावेत. याला फारसा पैसा लागत नाही, मात्र वेळ थोडा उरलाय. १९८५ साली विशीत असलेला खलाशी आज साठीत आहे.

इंग्लंडमध्ये पोर्ट्समथला रणगाडे उतरवणारं एक छोटं जहाज आहे, एलसीटी ७०७४. दुसऱ्या महायुद्धात फ्रान्सच्या किनाऱ्यावर, नॉर्मंडीला जाऊन आलं, पुढे लिव्हरपूलला त्याचा नाइटक्लब झाला, मग ते बर्कनहेडच्या गोदीत बुडालं. २०१४ साली त्याला वर काढलं, दुरुस्त केलं आणि २०२०पासून लोक त्याच्या आत शिरून बघतात. तिथे त्याच्या नाइटक्लबच्या दिवसांचीही गोष्ट सांगतात. आपल्याकडे तर लपवण्यासारखं काहीच नाही.

मामांनी या खोलीसाठी एक फोटो काढून ठेवला आहे. १९८८ सालचा, जहाजाच्या उघड्या दाराशी सात जण उभे आहेत, पाय पोटऱ्यांपर्यंत पाण्यात. मागच्या बाजूला नावं लिहायला त्यांनी मला बसवलं. पाच नावं लिहून झाली आहेत. उरलेली दोन त्यांना आठवत नाहीत, आणि ती आठवणारं कुणी भेटेल म्हणून ते वाट बघतायत.

आपला नम्र,
निवती पंचक्रोशीतला एक रहिवासी