स्मोक्तुनोव्हस्की ऐकायला हवा

संपादक महोदय,

फिल्म सोसायट्यांनी सोव्हिएत अभिनेता इनोकेंती स्मोक्तुनोव्हस्कीचे चित्रपट मूळ रशियन आवाजात, सबटायटल्ससहच दाखवावेत. १९५७ मध्ये लेनिनग्राडच्या रंगमंचावर दोस्तोयेव्हस्कीच्या 'इडियट'चा नायक प्रिन्स मिश्किन साकारून तो नावारूपाला आला. १९६४ मध्ये दिग्दर्शक कोझिन्त्सेव्हच्या चित्रपटात हॅम्लेट झाला. बासरी पुढे करून 'वाजव' म्हणतानाचा, कवी पास्तरनाकच्या रशियन भाषांतराचा ठेका डबिंगमध्ये पार हरवतो. दोनच वर्षांनी रियाझानोव्हच्या विनोदी चित्रपटात तो भ्रष्टांच्या मोटारी चोरणारा विमा एजंट झाला, आणि तिथेही हौशी नाटकात हॅम्लेटच रंगवतो! तारकोव्हस्कीच्या 'मिरर'मध्ये (१९७५) तर निवेदकाचा फक्त आवाज त्याचा. तो बदलला की स्मोक्तुनोव्हस्की उरतच नाही. शिवाय 'हॅम्लेट' रुंद पडद्यासाठी चित्रित झालाय. कडा कापलेली प्रत कृपया लावू नये.

– एक चित्रपटरसिक, पुणे