काकी, त्या कोऱ्या चहाबद्दल

काकी, सप्रेम नमस्कार.

काल रात्री एडिटिंगला बसले होते. तुमच्या ओटीवरचा तो प्रसंग आला. रात्रीचे दोन वाजलेत, कौलांवरून पागोळ्या गळतायत आणि तुमचा धाकटा पायात चाळ बांधता बांधता मित्राला सांगतोय, पुढच्या गणपतीला सुट्टी मिळेलसं वाटत नाही, नाचात माझ्या जागी कोणीतरी बघून ठेवा. कुजबुजच ती, पण शब्द न् शब्द ऐकू येतो. हेडफोन काढून ठेवला आणि रडले. म्हणून हे पत्र, सगळ्यांसमोर.

कोकणातल्या जाखडी नाचावरच्या आमच्या या माहितीपटात मुलाखत नाही, निवेदन नाही, ‘पुन्हा एकदा करा’ नाही. घडतं ते घडू द्यायचं आणि थांबून राहायचं. अशा वेळी मागे फ्रीज घरघरत असेल तर हळू आवाजातलं बोलणं हातचं जातं. हे मी तुम्हाला कधीच सांगितलं नव्हतं. ऐन गणपतीत, दुसऱ्याच्या घरात, फ्रीज बंद करा असं कुठल्या तोंडाने सांगणार? मी दोनदा कोपऱ्यातल्या फ्रीजकडे पाहिलं, तेवढंच तुम्ही टिपलंत. नंतर बघते तर बटण बंद. पंखाही बंद. तुम्ही दाराआड बसून पदराने वारा घेत होतात.

सकाळी कोरा चहा आला तेव्हा कळलं. नैवेद्याच्या खिरीचं दूध नासलं होतं. मला मान वर करवेना. तुम्ही म्हणालात, “ऱ्हाऊ दे गो, दूध उद्या पन मिळंल. पोरगा असा कधी बोलतो?”

या फिल्मसाठी मी वर्षभर दारं ठोठावली. एकांनी आधी स्क्रिप्ट मागितली. जे अजून घडलंच नाही त्याची स्क्रिप्ट कुठून आणू? दुसऱ्यांना पोरं रंगीत कपड्यांत समुद्रावर नाचायला हवी होती. दिवा-नालासोपाऱ्याच्या खोल्यांत राहणारी, दिवसभर पार्सलं पोचवून रात्री गच्चीवर जाखडीची तालीम करणारी पोरं त्यांना दिसतच नव्हती. गिरणगावातल्या गावकीच्या खोल्यांत हा नाच जगला. १९८२ च्या संपानंतर माणसं पांगली, तरी शक्तीवाले आणि तुरेवाले, जाखडीतले हे दोन प्रतिस्पर्धी पक्ष, आजही सवाल-जवाबात रात्र जागवतात. मुंबईने त्यांना ‘बाल्या’ म्हणून हिणवलं, नीट पाहिलं कधीच नाही.

तुमच्या वाडीतही पूर्वी कोणी कॅमेरेवाले येऊन पोरांना भर दुपारी चार-चारदा नाचवून गेले, नंतर फोनसुद्धा उचलला नाही. पहिले चार दिवस पोरं माझ्याशी का बोलत नव्हती, ते मला उशिरा समजलं. तरी तुम्ही घर उघडं ठेवलंत. समोरच्याची अडचण न सांगता ओळखायची आणि आपण काय केलं ते बोलून दाखवायचं नाही, हे मोठमोठ्या टेबलांमागच्या शिकल्यासवरल्या माणसांत मला फार थोड्यांकडे दिसलं.

फिल्म पुरी झाली की पहिल्यांदा तुमच्या खळ्यात दाखवणार. चिपळूणला उतरून पहिल्या एसटीने येते. दूध मी आणीन.

तुमची,
कॅमेरेवाली